लोखंडाशिवाय वीस वर्षं

जुन्या जहाजांबद्दल वाचायला लागलं की माणूस आधी वादळं, बंडं, बुडणं असल्या गोष्टींकडे ओढला जातो, मीही तसाच ओढला गेलो होतो. पण गेली बरीच वर्षं ज्या एका जहाजाने मला धरून ठेवलंय त्याच्या आयुष्यात बहुतेक दिवस तेच ते घडत होतं. सकाळी सूर्य क्षितिजाजवळ असताना पृथ्वीच्या चुंबकत्वाचं मोजमाप, दुपारी मोजमाप, संध्याकाळी परत मोजमाप, मधल्या वेळात आकडेमोड आणि सतत शिडांची उठाठेव. 'कार्नेगी' त्या जहाजाचं नाव. 1909 साली न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमध्ये पाण्यात उतरलं, 1929 साली सामोआच्या आपिया बंदरात जळून गेलं, आणि मधल्या वीस वर्षांत सात मोहिमांमध्ये मिळून सुमारे 3 लाख सागरी मैल फिरलं, तेही बहुतेक सगळं वाऱ्याच्या जोरावर. आगबोटींचा जमाना चांगला जोरात आलेला असताना शिडांवर.

शिडं का, हे समजून घ्यायचं तर आधी होकायंत्राचं दुखणं समजून घ्यावं लागतं.

होकायंत्राचा काटा खऱ्या उत्तरेकडे बघत नाही हे दर्यावर्दी लोकांना शेकडो वर्षं माहीत होतं. काटा आणि खरी उत्तर यांच्यातला कोन म्हणजे दिक्पात, आणि हा कोन जागेप्रमाणे बदलतो. एवढंच असतं तर एकदा मोजून नकाशा करून मोकळं होता आलं असतं, पण तो वर्षागणिक पण बदलतो, आणि सगळीकडे सारखाच बदलत नाही. म्हणजे समुद्राचा चुंबकीय नकाशा छापून झाला त्या दिवसापासून जुना व्हायला लागतो. एडमंड हॅली, तोच धूमकेतूवाला, 1698 ते 1700 या काळात 'पॅरामोर' नावाचं छोटंसं शिडाचं गलबत घेऊन अटलांटिकमध्ये याच कामासाठी फिरला होता. निव्वळ विज्ञानासाठी काढलेल्या अगदी सुरुवातीच्या समुद्रमोहिमांपैकी ती एक. 1701 मध्ये त्याने समान दिक्पाताच्या रेषा काढलेला अटलांटिकचा नकाशा छापला. लाकडी गलबतात हे मोजणं तसं सोपं होतं, पुढे जहाजंच लोखंडाची झाली आणि सगळी पंचाईत झाली. कारण लोखंडी जहाज स्वतःच एक भलामोठा चुंबक असतं. त्याच्यावर बसून पृथ्वीचं चुंबकत्व मोजायचं म्हणजे ढोल वाजत असताना शेजारच्याची कुजबुज ऐकायचा प्रकार. रोजच्या प्रवासापुरतं होकायंत्र दुरुस्त करता येतं, शेजारी चुंबक आणि लोखंडी गोळे बसवून जहाजाचा परिणाम जवळपास काढून टाकता येतो, पण शास्त्रीय मोजमापाला हे 'जवळपास' चालत नाही.

1904 मध्ये वॉशिंग्टनच्या कार्नेगी इन्स्टिट्यूशनने पृथ्वीच्या चुंबकत्वासाठी एक वेगळा विभाग काढला, लुई बाउअर त्याचा प्रमुख. या माणसाची जिद्द सरळ होती, सगळ्या पृथ्वीचा चुंबकीय सर्व्हे करायचा. जमिनीवर माणसं पाठवता येतात, उंटावरून, होडीतून, पायी, कशीही. पण पृथ्वीचा सत्तर टक्के भाग पाणी. मग 1905 मध्ये त्यांनी 'गॅलिली' नावाचं लाकडी ब्रिगॅन्टाइन, म्हणजे दोन डोलकाठ्यांचं शिडाचं जहाज, भाड्याने घेतलं, त्याच्या डोलकाठ्यांना ताणून धरणारे पोलादी तारांचे दोर काढून तागाचे लावले, आणि 1908 पर्यंत पॅसिफिक पिंजून काढला. पण गॅलिली लाकडी असलं तरी त्याच्या सांध्यात लोखंडी बोल्ट होतेच, ते काही उपटता येत नव्हते. प्रत्येक रीडिंगमधून जहाजाचा वाटा वजा करायला लागायचा आणि त्यासाठी जहाज पुन्हा पुन्हा गोल फिरवून वेगवेगळ्या दिशांना तोंड करून तपासावं लागायचं. तीन वर्षं हे करून झाल्यावर बाउअरच्या लोकांनी ठरवलं की बास, आता जहाजच असं बांधायचं की ज्याच्यातून वजा करायला काही उरणारच नाही.

आणि इथे ही गोष्ट मला फार आवडते, कारण पुढे जे बांधलं गेलं ते जहाज आणि त्याच्यावर ठेवलेली यंत्रं अशा दोन वेगळ्या गोष्टी उरल्याच नाहीत, अख्खं जहाज हेच एक उपकरण झालं. मग त्या उपकरणात राहणारा प्रत्येक माणूस, स्वयंपाकी धरून, त्या मोजमापाचा भाग झाला.

कार्नेगीची लांबी साधारण 155 फूट. सांगाडा आणि फळ्या ओक, पाइन, सागाच्या. त्या जोडायला लाकडी खुंट्या, तांब्याचे आणि ब्राँझचे बोल्ट. नांगर चार, चारही ब्राँझचे, आणि नांगराला साखळी नाही, माणसाच्या मनगटापेक्षा कितीतरी जाड असे तागाचे दोरखंड. आता ज्याने कधी नांगर टाकलेला बघितलाय त्याला कळेल की हे किती मोठं झंझट आहे, साखळी स्वतःच्या वजनाने तळाशी पडून राहते आणि नांगर घट्ट धरवते, खडकावर घासली तरी तिला काही होत नाही. दोर मात्र घासला की कापला जातो, आणि प्रवाळांच्या बेटांमध्ये फिरणाऱ्या जहाजाला तर ही रोजची धास्ती. डोलकाठ्यांचे दोर पण तागाचेच. ताग ओला झाला की आखडतो, वाळला की सैल पडतो, म्हणजे पाऊस येऊन गेला की खलाशांनी परत सगळं ताणून बसवायचं. पोलादी तारेच्या जहाजावर जे काम कधीमधी निघतं ते इथे रोजचं. या कामाबद्दल शास्त्रीय रिपोर्टांमध्ये फार काही लिहिलेलं नसतं, पण वाचताना मला सारखं वाटत राहतं की दिक्पाताच्या प्रत्येक आकड्यामागे हे दोर ताणणारे हात आहेत.

स्वयंपाकघरातली चूलसुद्धा लोखंडाची नव्हती, तांबं आणि ब्राँझची होती. जेवायचे काटे-चमचे मेक्सिकन चांदीचे. कुणाला वाटेल श्रीमंती थाट, पण त्यात थाट कसलाच नव्हता, पोलादी सुरी खिशात घालून एखादा माणूस यंत्राजवळून गेला तर काटा हलला असता, एवढीच भीती. इंजिन होतं एक, मदतीला, वारा पडला किंवा बंदरात शिरायचं असलं की वापरायला. ते कोळशापासून गॅस तयार करून त्याच्यावर चालायचं, आणि ते पण जास्तीत जास्त ब्राँझ आणि तांब्यात केलेलं. काही भागांत पोलाद टाळताच आलं नाही, पण ते इतकं थोडं आणि यंत्रांपासून इतकं लांब होतं की मोजमापावर परिणाम दिसत नव्हता. इंजिनाने वेग मिळायचा फार तर सहा नॉट, म्हणजे तासाला सहा सागरी मैल, तोही शांत समुद्रात. आणि या सगळ्याच्या मधोमध, डेकच्या वर, काचेचे दोन गोल घुमट, ब्राँझच्या चौकटीचे, ज्यांच्या आत वारा-पावसात सुद्धा निरीक्षकाला उभं राहून काम करता येईल. फोटोत जहाज बघितलं की ते घुमट आधी डोळ्यात भरतात, शिडाच्या जहाजावर छोट्या वेधशाळा ठेवल्यासारखे, आणि खरं तर ते तसेच होते.

आता एका रीडिंगला काय काय लागायचं ते बघा. दिक्पात मोजायचा तर खरी दिशा माहीत हवी, ती मिळते सूर्यावरून, सूर्य क्षितिजाच्या जवळ असताना सगळ्यात नीट. म्हणून सकाळ आणि संध्याकाळ. यंत्र दोन्ही दिशांना झुलणाऱ्या कड्यांमध्ये टांगलेलं, म्हणजे जहाज कललं तरी ते साधारण सपाट राहतं, पण 'साधारण'च, आतला चुंबक सारखा डोलत असतो. निरीक्षक चुंबकाची पट्टी बघतो, दुसरा सूर्याचा कोन बघतो, तिसरा क्रोनोमीटरवरची, म्हणजे जहाजावरच्या अचूक घड्याळातली वेळ आणि आकडे लिहून घेतो. एक वाचन कशालाच पुरत नाही, चुंबक डावीकडे जाताना, उजवीकडे जाताना, परत, परत, अशी खूप वाचनं घेऊन सरासरी काढायची. आणि हे चालू असताना सुकाणूवरच्या माणसाने जहाजाचं तोंड एका रेषेत धरून ठेवायचं. लाटा मागून येत असतील तर हे किती अवघड जातं हे शिडाची होडी चालवणाऱ्याला विचारा. त्याचा हात ढिला पडला की आतल्यांची अर्ध्या तासाची मेहनत पाण्यात. मग दुपारी दुसरी मोजमापं, चुंबकीय बलाची तीव्रता किती आणि सुई क्षितिजाखाली किती कलते ते. त्यानंतर आकडेमोड, हातानेच, लॉगच्या कोष्टकांवरून, हलत्या टेबलावर.

कार्नेगीच्या बाबतीत एक गोष्ट खूप महत्त्वाची होती, ती म्हणजे निकाल तिथल्या तिथे निघायचे. दिवसभरातलं मोजमाप रात्रीपर्यंत हिशोब होऊन तयार, आणि बंदराला लागलं की टपालाने वॉशिंग्टनला, तिथून चार्ट, म्हणजे समुद्राचे नकाशे, छापणाऱ्या नौदलाच्या कार्यालयांना.

पहिल्याच मोहिमेत, 1909-10 मध्ये, अटलांटिकच्या अगदी रहदारीच्या वाटेवर दिसलं की ब्रिटिश, जर्मन आणि अमेरिकन, तिन्हींच्या चार्टांवरचे दिक्पाताचे आकडे चुकलेत. आणि चूक अशी की लांबच लांब पट्ट्यात एकाच बाजूला. मला ही बारीकशी गोष्ट फार मोठी वाटते. चूक कधी डावीकडे कधी उजवीकडे असती तर वाटेत एकमेकींना खाऊन टाकली असती, पण एकाच बाजूची चूक साचत जाते. एक अंशाची चूक म्हणजे साठ मैल गेल्यावर एक मैल बाजूला. सहाशे मैल गेल्यावर दहा मैल. धुक्यात, तारे दिसत नसताना, न्यूफाउंडलंडच्या किनाऱ्याजवळ दहा मैल म्हणजे काय होतं ते सांगायला नको. पुढे हिंदी महासागरात तर चार्टवरच्या चुका याहून मोठ्या निघाल्या, कित्येक अंशांच्या. कार्नेगीमुळे किती जहाजं खडकावर जाता जाता वाचली याचा हिशोब कुणीच करू शकणार नाही, कारण न घडलेल्या अपघाताची नोंद होत नाही.

1914 पासून जहाजाचा कॅप्टन होता जेम्स पर्सी ऑल्ट. हा माणूस अमेरिकेच्या मधोमध असलेल्या कॅन्ससच्या कॉलेजात शिकलेला, म्हणजे समुद्र जितका लांब असू शकतो तितका लांब. चुंबकीय निरीक्षक म्हणून नोकरीला लागला, गॅलिलीवर काम केलं, आणि काम करता करता समुद्र शिकला तो इतका की शेवटी त्याच्याच हातात सुकाणू आलं. जहाज चालवणारा आणि मोजमाप करणारा एकच माणूस असणं हे कार्नेगीचं खरं बळ होतं असं माझं मत आहे. दुसऱ्या जहाजांवर कॅप्टन आणि शास्त्रज्ञ यांच्यात कायम ओढाताण असते, एकाला पुढे जायचं असतं, दुसऱ्याला थांबायचं असतं. इथे ती ओढाताण एकाच डोक्यात मिटायची.

आणि याच ऑल्टने 6 डिसेंबर 1915 ला न्यूझीलंडच्या लिटलटन बंदरातून कार्नेगी बाहेर काढलं ते अंटार्क्टिकाभोवतीच्या समुद्राची पूर्ण फेरी मारायला. पन्नास ते साठ अक्षांशांच्या त्या पट्ट्यात जमीन जवळपास नाहीच, वारा पश्चिमेकडून सुटतो आणि अडवणारं कोणी नाही, लाटा त्याच मापाच्या. हिमनग. धुकं. जहाज लाकडाचं, बर्फाशी टक्कर द्यायला बांधलेलं नाही. इंजिन नावापुरतं. वाटेत एकच थांबा, जानेवारीत दक्षिण जॉर्जिया बेटावर, देवमासे मारणाऱ्यांच्या वस्तीत. 1 एप्रिल 1916 ला ते परत लिटलटनला लागलं. 118 दिवस, सुमारे 17 हजार सागरी मैल, आणि एवढ्या प्रवासात मोजमापाचं काम जवळजवळ रोज झालं. सूर्य मिनिटभर ढगातून डोकावला तरी साधायचं म्हणून माणसं घुमटात तयार उभी.

तारखा परत एकदा बघा. अंटार्क्टिकाच्या मोहिमेवर निघालेल्या शॅकल्टनचं 'एन्ड्युरन्स' जहाज बर्फात चिरडून बुडालं ते 21 नोव्हेंबर 1915 ला, म्हणजे कार्नेगी निघायच्या पंधरा दिवस आधी. कार्नेगी दक्षिण जॉर्जियाला थांबलं तेव्हा शॅकल्टनची माणसं वेडेल समुद्रात तरंगत्या बर्फावर तंबू ठोकून बसलेली होती. आणि मे 1916 मध्ये शॅकल्टन छोट्या होडीतून ज्या बेटाला जाऊन लागला ते हेच बेट, चार महिन्यांनंतर. दोन्ही गोष्टी एकाच दक्षिण समुद्रातल्या, एकाच मोसमातल्या. शॅकल्टनची गोष्ट सगळ्या जगाला पाठ आहे, आणि असायलाच हवी, अठ्ठावीस माणसं जिवंत परत आणणं ही काही साधी गोष्ट नाही. पण त्याच मोसमात एक लाकडी जहाज सगळ्या दक्षिण समुद्राला वळसा घालून, कुणाचाही बळी न देता, हवं ते सगळं मोजून, ठरल्याप्रमाणे परत आलं, आणि त्याचं नाव दर्याप्रेमी लोकांतही फार कमी जणांनी ऐकलंय. मला याचं वाईट वाटतं, खरंच वाटतं. नीट पार पडलेल्या कामाची गोष्ट आपण सांगत नाही. त्या फेरीत घडलेलं नाट्य शोधायला गेलो तर फारसं हाताला लागत नाही, कारण ज्याला आपण नाट्य म्हणतो ते टाळणं हेच ऑल्टचं कौशल्य होतं.

चुंबकत्वाबरोबर कार्नेगीवर आणखी एक गोष्ट मोजायचे, हवेतली वीज. ढग-गडगडाट नसताना, निरभ्र आकाशाखाली सुद्धा हवेत विद्युत क्षेत्र असतं, म्हणजे जमिनीपासून वर जाल तसा विजेचा दाब मीटरमागे शंभर-सव्वाशे व्होल्टने वाढतो. आपल्याला जाणवत नाही कारण हवा वीज नीट वाहून नेत नाही आणि आपलं शरीर जमिनीशी जोडलेलं असतं. हे क्षेत्र दिवसभरात कमी-जास्त होतं हे माहीत होतं, पण जमिनीवर मोजायला गेलं की धूळ, धूर, धुकं सगळं मध्ये येतं आणि प्रत्येक गावाचा आलेख वेगळाच निघतो. भर समुद्रात हवा स्वच्छ. म्हणून जहाजाच्या पिछाडीच्या कठड्यावर यंत्र बसवलेलं, बांबूच्या दांड्यावर छत्रीसारखा आकार वर काढलेला, खाली विद्युतदर्शक. शिडं कुठल्या बाजूला आहेत त्याने पण आकड्यात फरक पडायचा, म्हणून शिडांची स्थिती धरून आकडा दुरुस्त करायचा. परत तेच, जहाज म्हणजेच यंत्र.

ठरलेल्या दिवशी पूर्ण चोवीस तास दर तासाला हे मोजायचं. म्हणजे रात्री दोनला, तीनला, चारला कुणीतरी मागच्या कठड्यापाशी जाऊन, अंधारात, डुलत्या डेकवर उभं राहून, यंत्रातल्या बारीक तंतूंमधलं अंतर वाचून, वहीत लिहून यायचं. पाऊस आला, लाटेचे तुषार आले आणि इन्सुलेशन ओलं झालं तर तो अख्खा दिवस बाद. मग परत कधीतरी, निरभ्र दिवस मिळेल तेव्हा, पहिल्यापासून.

विभागातला मॉचली नावाचा शास्त्रज्ञ 1920 नंतर हे आकडे घेऊन बसला. आणि त्याला दिसलं ते असं की जहाज कुठेही असो, पॅसिफिकमध्ये, अटलांटिकमध्ये, हिंदी महासागरात, स्थानिक वेळ काहीही असो, ग्रीनिचच्या घड्याळाने पहाटे तीनच्या सुमाराला हे क्षेत्र सगळ्यात कमी असतं आणि संध्याकाळी सातच्या सुमाराला सगळ्यात जास्त. सगळ्या पृथ्वीवर एकाच वेळी. म्हणजे कुठे भरदुपारी, कुठे मध्यरात्री, पण क्षण तोच. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून नुसता बसून राहिलो होतो. कारण याचा अर्थ असा की पृथ्वीभोवतीची सगळी हवा एकाच विद्युत मंडलाचा भाग आहे, आणि त्याला कुठूनतरी एकत्र ऊर्जा मिळतेय. ती कुठून, याचं उत्तर सी. टी. आर. विल्सन या भौतिकशास्त्रज्ञाने सुचवलं होतं, गडगडाटी वादळांतून. 1929 मध्ये व्हिपल नावाच्या हवामानशास्त्रज्ञाने जगभरातल्या वादळांच्या वेळा जुळवून बघितल्या, आशियातली दुपार, मग आफ्रिकेतली, मग अमेरिकेतली, आणि सगळ्यांची बेरीज कार्नेगीच्या आलेखाशी चांगलीच जुळली. वादळ ब्राझीलच्या जंगलावर आणि त्याचा परिणाम अर्ध्या जगापलीकडे निरभ्र आकाशाखाली, जहाजाच्या पिछाडीला लावलेल्या बांबूवर.

सातव्या मोहिमेला कार्नेगी 1 मे 1928 ला वॉशिंग्टनहून निघालं, बेत तीन वर्षांचा. आता कामं खूप वाढलेली होती. ध्वनी सोडून समुद्राची खोली मोजायचं नवं यंत्र बसवलेलं, साधारण एक दिवसाआड जहाज उभं करून तारेला बाटल्या आणि उलट्या होणाऱ्या थर्मामीटरांची माळ लावून खोल पाण्यात सोडायची, वेगवेगळ्या खोलीवरचं पाणी आणि तापमान वर आणायचं, जाळ्यांनी प्लवक, म्हणजे पाण्यात तरंगणारे बारीक जीव, पकडायचे, वाऱ्याचा अंदाज घ्यायला फुगे सोडायचे, आणि चुंबकत्व-वीज होतंच. माणसं सगळी मिळून पंचवीसेक. त्यात स्कॉट फोर्बश नावाचा तरुण निरीक्षक होता, त्याचं नाव पुढे वैश्विक किरणांच्या अभ्यासात अजरामर झालं. प्रयोगशाळेसाठी जागा म्हणजे केबिनचे कोपरे. शिडाच्या जहाजावर पाण्याच्या नमुन्यांची रासायनिक तपासणी करायची म्हणजे मोजनळीतली पातळी सुद्धा जहाजाबरोबर झुकणार, ती वाचायला डोळा आणि सवय दोन्ही लागतं. एक्वाडोरच्या पश्चिमेला समुद्रतळावर जी लांबलचक डोंगररांग आहे तिला आज कार्नेगी रिज म्हणतात, ते नाव या जहाजाचंच.

29 नोव्हेंबर 1929 ला आपिया बंदरात जहाज पुढच्या टप्प्यासाठी तयार होत होतं. मधल्या काळात इंजिन कोळशाच्या गॅसवरून पेट्रोलवर आणलेलं होतं. टाक्यांमध्ये पेट्रोल भरणं चालू असताना स्फोट झाला. कॅप्टन ऑल्ट गेला, एक केबिन बॉय गेला, काही जण जखमी झाले, आणि लाकूड, ताग, रंग, जे जे कार्नेगीला निर्दोष करत होतं ते सगळं जळण ठरलं. पाण्याच्या रेषेपर्यंत जळालं. आधीच्या टप्प्यांच्या वह्या तोपर्यंत किनाऱ्याला लागलेल्या होत्या म्हणून सातव्या मोहिमेचं काम वाचलं, त्याचे रिपोर्ट 1940 च्या दशकापर्यंत छापले जात होते. पण तिसरं वर्ष झालंच नाही, आणि उरलेल्या वाटेत हिंदी महासागर होता. खोल पाण्याचं तापमान, क्षार, प्लवक, हे सगळं या समुद्रात ऑल्टच्या हातून व्हायचं राहिलं, आणि ते काम पुढे कित्येक वर्षं तसंच पडून होतं. आशियाच्या बाजूने बघणाऱ्या माणसाला ही रुखरुख जरा जास्त लागते.

कार्नेगीसारखं दुसरं बांधायचा प्रयत्न ब्रिटिशांनी केला, 'रिसर्च' नावाचं जहाज 1939 मध्ये पाण्यात उतरलं पण युद्ध आलं, ते अर्धवट राहिलं आणि पुढे मोडीत निघालं. रशियन लोकांनी मात्र जमवलं. फिनलंडमध्ये बांधलेली 'झार्या' नावाची लाकडी स्कूनर, म्हणजे शिडाचं जहाज, त्यांनी याच कामाला लावली, 1957-58 च्या आंतरराष्ट्रीय भूभौतिक वर्षात ती कामाला होती आणि त्यानंतरही काही दशकं तिने समुद्र मोजले. तोपर्यंत बाकीच्या जगाने वेगळी वाट काढली होती, जहाज खुशाल लोखंडाचं ठेवायचं आणि चुंबकमापक लांब दोराला बांधून शेकडो फूट मागे ओढत न्यायचं. स्वस्त, सोपं, पटापट. याच पद्धतीने समुद्रतळावरचे चुंबकीय पट्टे सापडले आणि खंड सरकतात हे पक्कं झालं, त्यामुळे तिच्याविरुद्ध बोलायला मला तोंड नाही. आज तर हे काम मुख्यतः उपग्रह करतात. 2013 मध्ये सोडलेल्या स्वॉर्म उपग्रहांना पण मागे चार मीटरचा दांडा आहे आणि चुंबकमापक त्या दांड्यावर, उपग्रहाच्या धडापासून लांब. मोजणाऱ्याने स्वतःला मोजमापातून बाजूला काढायचं, हा प्रश्न बदललेला नाही.

आणि हवेतल्या विजेचा तो आलेख अजून चालू वापरात आहे. अंटार्क्टिकाच्या पठारावर, व्होस्टोक या रशियन केंद्रासारख्या ठिकाणी, आज कुणी निरभ्र हवेतलं विद्युत क्षेत्र मोजतं तेव्हा आपले आकडे बरोबर आहेत का हे बघायला ते कार्नेगीच्या आलेखावर ठेवून बघतं. शोधनिबंधांमध्ये त्याला कार्नेगी कर्व्ह म्हणतात. मॉचली कर्व्ह असं नाव पडलं असतं तरी चाललं असतं, आकड्यांतला अर्थ त्यानेच काढला होता. पण रात्री तीनला पिछाडीपाशी उभा असलेला निरीक्षक, त्याच वेळी सुकाणू धरून असलेला खलाशी, दुपारी पाऊस येऊन गेल्यावर दोर परत ताणून बसवणारे चौघं आणि चांदीच्या चमच्यांनी सगळ्यांना वाढणारा स्वयंपाकी, यांच्यापैकी प्रत्येकाचा त्यात वाटा आहे, आणि जहाजाच्या नावात तो येतो.